'काय मारू?' च्या आधीचा प्रश्न



आज जरा भांडायला बसलो आहे. ज्यांना इथे जुन्या आठवणींचे आणि जात्या-उखळाचे लेख वाचायची सवय लागली आहे त्यांनी पुढच्या खेपेला यावं, मी रागावणार नाही. आणि नात्यातल्या ज्या दोघांचं कृषी सेवा केंद्र आहे (दोघेही हे वाचतात, मला ठाऊक आहे!) त्यांनी मात्र शेवटपर्यंत वाचावं आणि मगच फोन करावा.

मी मराठीचा मास्तर, म्हणून सुरुवात शब्दापासून. आपल्या भाषेत एक शब्द कित्येक वर्षं खोटं बोलतो आहे. तो शब्द 'औषध'. कपाशीवर औषध मारलं, भेंडीला औषध दिलं, पंपात दोन झाकणं औषध टाकलं. आणि हाच शब्द गावात दबक्या आवाजात वेगळ्या अर्थानेही ऐकू येतो: अमक्याच्या पोराने औषध घेतलं. तिथे कोणी विचारत नाही की कसलं औषध, सर्दीचं का तापाचं. म्हणजे ते काय आहे हे आपल्याला पक्कं ठाऊक असतं. तरी दुकानाच्या पाटीवर 'बियाणे, खते व औषधे' आणि आपल्या तोंडीही तेच. एकदा विषाला औषध म्हटलं की पुढचं ओघानेच येतं. औषध आलं की डॉक्टर आला, डॉक्टर म्हणजे दुकानदार, आणि डॉक्टरला उलट विचारायची आपल्याकडे रीत नाही.

या वेळचं निमित्त अगदी लहान. मोहरीच्या दाण्याएवढं म्हणा ना!

पारोळा तालुक्यात आमचा एक पुतण्या शेती करतो. मुख्य पीक कपाशी, कडेने अंबाडीच्या ओळी आणि विहिरीजवळ दहा गुंठे भेंडी. भेंडी चार पानांवर आली आणि पानांना बारीक बारीक गोल भोकं दिसू लागली. अंबाडीचीही तीच गत. त्याने दोन पानं तोडून खिशात घातली, तालुक्याला गेला, दुकानात दाखवली आणि तीन बाटल्या घेऊन आला. एक कीटकनाशकाची, त्यातही दोन विषं एकत्र केलेली. दुसरी बुरशीनाशकाची. तिसरी 'टॉनिक'. बिल 1800 रुपये, अर्थात वहीवर मांडलेलं. त्याचा फोन दुसऱ्याच कामासाठी होता, बोलता बोलता हे निघालं.

"काय पडलंय रे भेंडीवर?"

"काहीतरी किडा आहे अप्पा. पानं चाळणी झाली."

"तू पाहिलास का?"

"नाही दिसला. पण ते म्हणे तिन्ही मारून टाका, कोणता का असेना, मरेल."

कोणता का असेना! मंडळी, माझं भांडण या तीन शब्दांशी आहे. त्या दुकानदाराशी नाही आणि पुतण्याशी तर नाहीच.

त्याला म्हटलं, उद्या दहा-अकराला ऊन तापलं की वाफ्याशी वाकून बस. सावली पानावर पडू देऊ नकोस. मोबाईल खिशात ठेव आणि पाच मिनिटं नुसता बघ. मग हळूच बोट पानाकडे ने. दुसऱ्या दिवशी त्याचा फोन आला, आवाजात गंमत होती. "अप्पा, काळा ठिपका होता. बोट नेलं तर टुणकन उडाला!"

हाच तो पिसू भुंगेरा. पिसू नव्हे, चावत नाही, रक्त पीत नाही. हा भुंगेऱ्यांच्या कुळातला, दोन ते चार मिलिमीटर लांबीचा, कडक पाठीचा, बहुधा चकचकीत काळा, निळसर नाहीतर तपकिरी. मागच्या पायांच्या मांड्या फुगीर असतात, त्या जोरावर तो पिसवेसारखी उडी घेतो, म्हणून हे नाव. एका जातीचा मुळा, मोहरी, कोबी, नवलकोल यांच्या मागे लागतो. या भाज्यांना जो उग्र वास असतो ना, तोच त्याला बोलावतो. दुसऱ्या जातीचा अंबाडी आणि भेंडीवर येतो. तिसरा तागावर, आणि त्याचं शास्त्रीय नाव तर आपल्या बेळगावावरून पडलं आहे, लॉन्जिटार्सस बेलगामेन्सिस! नाशिककडे द्राक्षबागेत छाटणीनंतर फुटणारे डोळे खाणारा 'उडद्या' सगळ्यांना माहीत असतो. गंमत म्हणजे त्यालाही द्राक्षावरचा पिसू भुंगेराच म्हणतात, पण तो खऱ्या पिसू भुंगेऱ्यांच्या शाखेतला नाही. वेल हलवला तर तो मेल्याचं सोंग घेऊन खाली पडतो. म्हणून जुने बागाईतदार सकाळी वेलाखाली उघडी छत्री धरून वेल झटकत आणि पडलेले भुंगेरे रॉकेलच्या पाण्यात टाकत. सैल साल काढून जाळत, कारण अंडी सालीखाली असतात. म्हणजे त्यांना किडा कुठे राहतो, केव्हा पडतो, हे पाठ होतं. आज आपल्याला बाटलीचं नाव पाठ असतं.

आता ओळखायचं कसं, हे सांगतो, कारण गल्लत इथेच होते. पानाला छऱ्याने पाडल्यासारखी बारीक गोल भोकं आणि हात नेला की उडी, तर पिसू भुंगेरा. उडी आहे पण भोक एकही नाही, किडा हिरवा, पाचरीसारखा आणि तिरका तिरका चालतो, पानाच्या कडा पिवळ्या-लालसर होऊन वळल्या आहेत, तर ते तुडतुडे. ते रस शोषतात, कुरतडत नाहीत. भोकं मोठी, वेडीवाकडी आणि जवळ काळी विष्ठा पडलेली, तर अळी शोधा, पानामागे सापडेल. वांग्याच्या पानाची जाळी झाली आहे, शिरा तेवढ्या उरल्या आहेत, तर एपिलॅक्ना भुंगेरा. पानाखाली त्याच्या पिवळ्या काटेरी अळ्या चिकटलेल्या असतात.

या एपिलॅक्नापायी एक निरपराध प्राणी रोज मारला जातो. तो म्हणजे ढालकिडा, इंग्रजीतला लेडीबर्ड. दोघेही गोल, दोघांच्याही पाठीवर ठिपके. पण एपिलॅक्नाची पाठ मळकट, बारीक लव असलेली. ढालकिड्याची पाठ पॉलिश केल्यासारखी चकचकीत, आणि तो पान खात नाही, मावा खातो. आमच्या शाळेत पोरं काडेपेटीत किडे घालून आणायची तेव्हा हा फरक पाचवीचं पोरगं सांगायचं. आज तीच पोरं पन्नाशीची झाली, बारा एकर कसतात आणि ठिपके दिसले की पंप काढतात.

बरं, पिसू भुंगेरा निघाला. मग पुढे काय? इथेच बाटलीवाल्यांची पंचाईत होते, कारण पुष्कळदा उत्तर असतं की काही नाही.

रोप नुकतं उगवलेलं, दोन दळांवर असताना हा किडा खरा घातक. ऊन कडक, जमीन कोरडी असेल तर मुळ्याचा वाफा दोन दिवसांत बसवतो. पण चार-पाच खरी पानं आली, रोप जोमात वाढू लागलं की त्याच्या भोकांना रोप जुमानत नाही. कॅनडात मोहरीच्याच जातकुळीतला कॅनोला लाखो एकरांवर होतो. तिथे हा किडा पहिल्या क्रमांकाचा शत्रू, आणि तरीही तिथला शेतकऱ्यांना सल्ला असा की रोपावस्थेत पानाचा चौथा हिस्सा, म्हणजे 25 टक्के खाल्ला जात असेल तर फवारणीचा विचार करा, त्याआधी नाही. आपण चार भोकं बघून दुकान गाठतो. तागाचं तर सांगायलाच नको. जो ताग आपण महिना-दीड महिन्यात नांगरून जमिनीत गाडणार, त्याच्या पानांची भोकं मोजून काय करायचं?

आणखी एक गोष्ट. याची अंडी मुळांजवळ मातीत, अळी मातीत, कोषही मातीत. आपण फवारतो पानावर. वरचे चार मरतात, आठवड्याने खालून नवे येतात, शेजारच्या तणावरूनही येतात. मग 'मागचं औषध चाललं नाही, जरा स्ट्राँग द्या'. हा फेरा असा सुरू होतो.

भेंडीचा खरा वैरी वेगळाच आहे. तो म्हणजे केवडा, पानाच्या शिरा पिवळ्या पडणारा रोग. तो पसरवते पांढरी माशी. रोपावस्थेतच जालीम मिश्रणं मारली तर ढालकिडे, क्रायसोपा, कोळी हे सगळे राखणदार आधी मरतात आणि माशीला रान मोकळं मिळतं. ही माझी कल्पना नव्हे. 1980 च्या दशकात आंध्रात कपाशीवर सिंथेटिक पायरेथ्रॉइड सपाटून मारले गेले आणि पांढऱ्या माशीने पिकं काळी केली, हा इतिहास आहे. म्हणजे पुतण्याने 1800 रुपये मोजून भोकं बुजवली नसतीच, वर केवडा मात्र घरी आणला असता.

आता कोणी म्हणेल, मास्तर, बीटी आलं तेव्हाच हे सगळं संपलं ना? अहो, 2002 मध्ये आपल्याकडे बीटी कपाशीला परवानगी मिळाली ती बोंडअळ्यांसाठी. तिच्यातलं विष अळीच्या आतड्यावर चालतं. भुंगेऱ्यावर नाही, तुडतुड्यावर नाही, पांढऱ्या माशीवर नाही. आणि पुढे गुलाबी बोंडअळीही त्याला पुरून उरली. 'बीटी आहे म्हणजे कीड नाही' असं मानणाराही किडा न ओळखणाराच.

किडा न ओळखण्याची किंमत नुसती पैशांत असती तर मी एवढा तावातावाने लिहिलं नसतं. 2017 च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात कपाशी फवारताना विषबाधा होऊन वीसहून अधिक माणसं गेली आणि शेकडो दवाखान्यात पडली. कोणी शेतकरी, कोणी रोजाने फवारणी करणारे मजूर. पीक डोक्यापर्यंत वाढलेलं, अंगावर साधा सदरा, तोंडाला रुमाल आणि पंपात दोन-दोन, तीन-तीन विषांचं मिश्रण. चौकशी समिती बसली, काही कीटकनाशकांवर तात्पुरती बंदी आली. ते सगळं योग्यच. पण ते मिश्रण पंपात का होतं, हा प्रश्न मला त्या बातम्यांत क्वचितच दिसला. मिश्रण तेव्हाच लागतं जेव्हा शत्रू कोण ते माहीत नसतं. अंधारात गोळी झाडायची तर छरे जास्त लागतात.

आणि खाणाऱ्याचं काय? भेंडीचा तोडा एक दिवसाआड होतो. संध्याकाळी फवारणी, सकाळी तोडा, दुपारी बाजार. शेवटची फवारणी आणि तोडणी यांत किती दिवस जाऊ द्यायचे हे बाटलीसोबतच्या घडीपत्रकात छापलेलं असतं, पण भिंग घेऊन बसल्याशिवाय वाचता येत नाही. मोनोक्रोटोफॉसला भाजीपाल्यावर 2005 मध्ये बंदी झाली, पण नंतर कितीतरी वर्षं ते कपाशीच्या नावाने दुकानात मिळत होतं, आणि दुकानातून बाहेर पडलेली बाटली कुठल्या शेतात जाते हे कोण बघतं? आपल्याकडे किती तरी घरी खायच्या भाजीची ओळ वेगळी असते, तिच्यावर फवारा नसतो. मी विचारलं तर हसून सांगतात, "ती घरची आहे ना अप्पा." म्हणजे कळतं सगळं. भरिताची वांगी आसोदा-बामणोदहून मुंबई-पुण्यापर्यंत जातात, आपण कौतुकाने पाठवतो. माझी नातवंडंही तिकडेच विकत घेऊन खातात.

दुकानदाराचीही बाजू सांगतो, नाहीतर ते दोन फोन खरोखर येतील. रात्री नऊला दुकान उघडं असतं. कृषी सहायकाकडे कितीतरी गावं, तो भेटेल तेव्हा भेटेल. दुकानदार उधारीवर देतो, कापूस विकला की हिशेब. बँक असं देत नाही. पण याच उधारीत सगळी मेख आहे. ज्याची वही आपल्या नावाने भरली आहे त्याला 'तिसरी बाटली नको' म्हणणं सोपं नसतं. सरकारने काही केलं नाही असंही नाही. कायदा 1968 चा आहे. हैदराबादच्या 'मॅनेज' या केंद्रीय संस्थेने 2003 पासून विक्रेत्यांसाठी वर्षभराची पदविका चालवली आहे. छान आहे. पण मला सांगा, विकणाऱ्याला शहाणं करायचं आणि विकत घेणाऱ्याला 'कोणता का असेना' वर सोडून द्यायचं, याला काय म्हणावं? प्रत्येक कीटकनाशक कुठल्या पिकावर आणि कुठल्या किडीवर चालवायचं हे ठरवूनच त्याला मंजुरी मिळते. कीडच माहीत नसेल तर त्या मंजुरीला कागदापलीकडे किंमत काय?

आता दुसरा मोर्चा. सेंद्रियवाले मित्र आतापर्यंत टाळ्या वाजवत असतील. थांबा! तुमचं दशपर्णी काय वेगळं आहे? पानाला भोक दिसलं, मार दशपर्णी. पान वळलं, मार दशपर्णी. बाटलीच्या जागी ड्रम आला, न बघण्याची सवय तीच राहिली. जीवामृत तर जमिनीसाठी सांगितलं आहे, ते भुंगेऱ्यावर शिंपडणारे मी पाहिले आहेत. आणि 'नैसर्गिक आहे, अपाय नाही' हे तर बोलूच नका. धोतरा काय कारखान्यात बनतो?

आणि मी फवारणीच्या नावानेच गळा काढणाऱ्यांतला नाही. युरोपीय संघाने 2018 मध्ये निओनिकोटिनॉइड गटातली तीन कीटकनाशकं उघड्या शेतात वापरायला बंदी केली, मधमाश्यांसाठी. बंदीमागचं कारण खोटं नव्हतं. पण इंग्लंडात मोहरीवर्गीय पिकात पिसू भुंगेऱ्यांनी असा धुमाकूळ घातला की पुष्कळ शेतकऱ्यांनी ते पीकच सोडलं. म्हणजे हा किडा थट्टेचा नाही. ज्या दिवशी वाफा खरोखर बसायला लागेल त्या दिवशी मीही बाटलीकडे बघेन. पण एकच, त्या पिकाला आणि त्या किडीला मंजूर असलेली, घडीपत्रकात लिहिलेल्या मापाने. झाकणाने मोजून नव्हे.

तोवर करण्यासारखं पुष्कळ आहे. मुळा-मोहरी जरा दाट पेरा, थोडी त्याला जाऊ द्या आणि नंतर विरळणी करा. कोबी-वांग्याची रोपं बारीक जाळीखाली वाढवा आणि थोराड करूनच लावा. वाफा कोरडा पडू देऊ नका. पावसाची झड बसली की यांचा जोर आपोआप ओसरतो. बांधाचं तण काढा. मुळ्यावर मुळा, कोबीवर कोबी घेऊ नका, मातीतली पिलावळ आयती जेवते. सकाळी दव असताना चुलीची चाळलेली राख भुरभुरावी, गिलक्या-काकडीवरच्या तांबड्या भुंगेऱ्यांसाठी आमची आई हेच करायची. पाऊस आला की राख धुऊन जाते, पुन्हा टाकावी लागते, एवढंच. आणि निंबोळी अर्क: पाच किलो निंबोळ्या कुटून रात्रभर पाण्यात भिजवा, फडक्यातून गाळा, थोडा साबण घालून शंभर लिटर करा आणि उन्हं उतरल्यावर फवारा. कडक उन्हात त्याचा गुण उडतो. त्याने किडा पटकन मरत नाही, त्याची पानावरची वासना जाते. ज्याला मेलेला किडा बघायचाच आहे त्याचं यात समाधान होणार नाही.

पुतण्याने भेंडीवर राखच टाकली आणि एक पाणी दिलं. बुरशीनाशक आणि टॉनिकच्या बाटल्या सीलबंद परत केल्या. पहिली परत घेतली नाही, ती फोडली होती म्हणून. ती गोठ्यात ठेवू नकोस, पोरांचा हात पोचणार नाही अशा जागी कुलपात ठेव, असं त्याला सांगितलं आहे.

आपल्याकडच्या मंडळींना एक विनंती. दुकानात जाताना पान नेऊ नका, किडा न्या. काडेपेटीत किंवा गोळ्यांच्या रिकाम्या डबीत घालून, सोबत खाल्लेलं पान. नाव सांगता आलं नाही तर जळगावचं तेलबिया संशोधन केंद्र आहे, धुळ्याचं कृषी महाविद्यालय आहे, पाल आणि ममुराबादला कृषी विज्ञान केंद्रं आहेत; तिथे दाखवा. किसान कॉल सेंटरचा 1800-180-1551 हा नंबर 2004 पासून आहे, फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं. मात्र ते पहिला प्रश्न विचारतील, किडा कसा दिसतो? तेव्हा 'काहीतरी आहे' म्हणू नका.

आणि ज्यांच्याकडे अंबाडीवर हा उड्या मारतो आहे त्यांनी गावात त्याला काय म्हणतात ते मला जरूर कळवा. अहिराणीत त्याचं वेगळं नाव नसेल असं मला वाटत नाही. पारोळ्याकडे दोन म्हाताऱ्यांना विचारलं, दोघांनी दोन नावं सांगितली आणि आपसात भांडले. तिसरं मत हवं आहे.